गानिम

आमच्याकडे गनीम म्हणजे शत्रू,
हे मी त्याला पहिल्याच आठवड्यात सांगून टाकलं,
सित्राच्या गॅरेजात, जॅकचा दांडा हलवता हलवता.
तो हसला. त्यांच्यात गानिम म्हणजे
लूट घेऊन घरी येणारा.
म्हणाला, दोन्ही एकच रे,
कुणाच्या दारातून बघतोस, एवढाच फरक.

एकोणीस वर्षांचा होता.
बापाच्या पिकअपमधून मुहर्रकची मासळी,
हामूर, साफी,
मनामाच्या बाजारात पोचवायचा बर्फ वितळायच्या आत.
घाई म्हणजे काय, ते त्याला बर्फानं शिकवलं.
पुढे परदेशातून आलेले कोच
जे आकडे कागदावर मांडत,
ते त्याला पाठीमागून ठिबकणाऱ्या पाण्यात
आधीच ऐकू आलेले असायचे.

मी गारगोटीचा. पंक्चर काढणारा.
भूदरगडाच्या पायथ्याला वाढलो
एवढंच माझ्याकडे सांगण्यासारखं,
म्हणून एका रात्री बिनदुधाच्या चहावर
त्याला गनिमी कावा सांगितला:
मोठ्या फौजेला तोंड द्यायचं नाही,
तिला दमू द्यायचं,
आणि वाट अरुंद होते तिथं पडायचं तिच्यावर.
बराच वेळ त्यानं खिडकीबाहेर पाहिलं.
सपाट. तेलाच्या नळ्या, वाळू, पुन्हा नळ्या.
"आमच्याकडे डोंगर कुठाय?"
मी म्हटलं, वळण आहे की.

सखीरच्या दहाव्या वळणावर, डावीकडे,
जिथं सगळे ब्रेकवर उभे राहतात,
तिथं त्यानं तीन वर्षं माणसं गाठली.
तीन वर्षं आखाती चषक.
शेवटच्या चषकाचा फोटो त्याच्या बैठकीत आहे,
फुलं, शेख, कागदाची चमचम,
आणि कडेला एक कोपर.
ते माझं.

माझं काम तळहाताचं.
ब्लँकेट काढलं की टायरवर हात ठेवायचा,
लेकराचा ताप बघावा तसा,
आणि एकच शब्द बोलायचा: चालेल.
किंवा थांब.
यंत्रं होती, पडद्यावर आकडे होते,
पण तो हेल्मेटच्या फटीतून माझ्याकडे बघायचा.

चौथ्या वर्षी मी चालेल म्हणालो.
अकराव्या फेरीत मागचा डावा फुटला.
भिंतीपर्यंत गाडी गेली ती गाडी राहिली नव्हती.
सलमानियात सव्वा महिना.
मी रोज जायचो, संत्री घेऊन,
त्याची आई मला बसायला जागा करून द्यायची
आणि माझ्याच संत्र्याची फोड माझ्याच हातावर ठेवायची.
कुणी काही विचारलं नाही.
शुद्धीवर आल्यावर तोच म्हणाला,
हात तुझा होता, पाय माझा. सोड.

मी सांगायला हवं होतं.
आदल्या दिवशी रेडिएटरच्या वाफेनं
उजवा तळहात भाजला होता.
पट्टी होती, वर हातमोजा होता.
टायर मी डाव्या हातानं बघितला होता,
आणि माझ्या डाव्याला
ताप कळत नाही.

आता त्याचे डोळे साखरेनं नेले.
परवाना गेला, जिने गेले, पोरं कॅनडाला गेली.
शुक्रवारी मी त्याला समुद्रावर नेतो
त्याच जुन्या पिकअपमधून, साठच्या वर न जाता.
शेजारी बसून तो
पायाखाली नसलेला ब्रेक दाबतो,
माझ्याआधी. दर वेळी बरोबर.
चौकात कुणी आडवा घुसला की
आमच्या भाषेत पुटपुटतो: कावा.

आज किल्ली फिरवली, तर म्हणाला, थांब.
काच खाली केली.
चेहरा भलत्याच बाजूला, मशिदीच्या भिंतीकडे.
"टायर बघून घे," म्हणाला,
"उजव्या हातानं."

मी खाली उतरलो.
ऊन होतं. रबर तापलं होतं.
हात बराच वेळ तिथंच राहिला.